बिनडोळ्यांची आई

१

“शामसुंदरनं पोरीला दिंडोरीला नेलं म्हनं. टेम्पोत घालून. पोरगी लय वरडत व्हती, आन तिथं गेल्यावर तिला...”

नवरात्रातल्या एका सकाळी गिरणीत एवढंच ऐकू आलं. गिरणीवाल्या भिकानं कुणाचा तरी डबा चक्कीत ओतला आणि पट्टा सुरू झाला. पुढचं सगळं मी चंद्रभागाबाईंच्या ओठांवर बघत राहिले. त्यांची भाजीची गाडी आमच्या गल्लीच्या तोंडाशीच असते, पेठ नाक्याच्या बाजूला. ओठ बराच वेळ हलले. ऐकणारी बाई पदर तोंडाला लावून उभी होती. मग चंद्रभागाबाईंची नजर माझ्यावर पडली आणि दोघी एकदम आपापल्या डब्याकडे बघायला लागल्या.

चक्की थांबल्यावर मी विचारलं, “काय म्हणत होतात शामभाऊंचं?”

“कुठं काय? उपासाच्या भाजणीचं बोलत व्हतो.”

“मला ऐकू आलं थोडं.”

“मग थोडंच बरं हाय,” त्या म्हणाल्या. “तुमाला सांगितलं की पंचवटीला सांगितलं.”

भिका हसला. मीही हसले. माझ्या नाकाची कीर्ती मला ठाऊक आहे. कुणाच्या घरी पाहुणा आला, कुणाचा कुकर आज दोनदा लागला, मला कळल्याशिवाय राहत नाही. त्यात वाईट हेतू नसतो. कुणी आजारी असलं तर पहिला पेजेचा डबा माझाच जातो, तोही त्याच नाकामुळं.

पण पिठाचा डबा कडेवर घेऊन निघाले तेव्हा माझे कान तापले होते, आणि ते टोमण्यानं नव्हे. त्या अर्ध्या वाक्यातली एक गोष्ट मला नवीन नव्हती. हाक मीही ऐकली होती. चंद्रभागाबाईंनी ऐकली त्याच्या कितीतरी जवळून.

२

शामसुंदर आमचे भिंतीला भिंत शेजारी. त्यांचा मूर्तींचा कारखाना म्हणजे पत्र्याची लांब शेड, आणि तिची एक भिंत तीच माझ्या स्वयंपाकघराची भिंत. ओट्याच्या वर, छताखाली, हातभर सिमेंटची जाळी आहे. तिच्यातून त्यांच्या रेझिनचा वास माझ्या आमटीत येतो आणि माझ्या फोडणीचा खकाणा त्यांच्या रंगात जातो. त्यांची बायको गोदावरी पलीकडून रंगाच्या पिंपावर चढून जाळीला तोंड लावायची. आधी खोकायची. घासकामाच्या भुकटीनं तिची छाती कायम धरलेली असायची. खोकला आला की मी गॅस बारीक करायची, आणि मग आवाज यायचा, “लंके, कढीपत्ता आहे का गं?” अशी आमची वर्षं गेली.

एरवी गणपती गेले की कारखाना झोपतो. यंदा दिंडोरीकडच्या एका रिसॉर्टची ऑर्डर आली. द्राक्षबागेत वाइन प्यायला लोक येतात, तिथल्या हिरवळीवर जुने ग्रीक देव उभे करायचे होते. शामभाऊंची एकुलती एक लेक आभा, वीस-एकवीसची, तिनं मला शेडमध्ये नेऊन सगळे दाखवले. सगळे पांढरेशुभ्र, फायबरचे.

“हा शंकर का?” मी त्रिशूळवाल्याकडे बोट केलं.

“नाही काकू, पोसायडन. समुद्राचा देव.”

“आणि हा डोक्याला द्राक्षं बांधलेला?”

“डायोनिसस. वाइनचा देव.”

“याला पुजारी कुठून आणायचा?”

“दिंडोरीत त्याला तोटा नाही,” शामभाऊ मागून म्हणाले.

शेडच्या टोकाला दोन बायका उभ्या होत्या. मोठी इतकी उंच की डोकं जवळजवळ छताच्या पत्र्याला टेकलेलं, वेणीत गव्हाच्या ओंब्या माळलेली. धाकटीच्या हातात फुलं, मान वळवून मागं बघतेय अशी. मोठी डिमीटर, धान्याची देवी. धाकटी पर्सेफनी, तिची लेक. आभानं गोष्ट सांगितली. लेक कुरणात फुलं तोडत होती, जमीन दुभंगली आणि पाताळाचा राजा हेडीस तिला रथात घालून घेऊन गेला. बापाला सगळं माहीत होतं. झ्यूस त्याचं नाव, सगळ्या देवांचा राजा. त्यानंच लेक देऊन टाकली होती, आईला न विचारता. आई रानोमाळ शोधत फिरली, आणि लेक सापडेपर्यंत तिनं जगातलं एक बी उगवू दिलं नाही.

“नेताना कुणीच बघितलं नाही?”

“सूर्यानं बघितलं. आणि हेकेटी नावाची एक देवी होती, तिनं नुसती हाक ऐकली. आपल्या गुहेत बसल्या बसल्या.” आभा हसली. “तुमच्यासारखी.”

गणपतीचे डोळे आभाच काढायची. आखणी म्हणतात त्याला, सगळ्यात शेवटचं काम. डोळे उघडले की मूर्ती बघायला लागते, असं शामभाऊ म्हणायचे. या देवांना मात्र बुबुळं नव्हती. सगळ्यांचे डोळे उकडलेल्या अंड्यासारखे कोरे.

“हे राहिलंय का?”

“ऑर्डरच तशी आहे. कोरे ठेवायचे.”

मला ते रुचलं नाही. “मग ही आंधळी आई लेक शोधणार कशी?”

गोदावरी कोपऱ्यात पॉलिश पेपर घासत होती. खोकून म्हणाली, “विचारत विचारत. आपण बायका तसंच शोधतो सगळं.”

३

रिसॉर्टचे एक भागीदार कामं बघायला यायचे. चाळिशी उलटलेले, गळ्यात चेन, बोलायला मऊ. मी सहज चहा घेऊन गेले आणि सहजच विचारलं, “लग्न झालंय का तुमचं?”

“झालं होतं,” ते म्हणाले. “बायको वारली.” आणि त्यांनी आभाकडे बघितलं. ती धाकटीच्या पायाशी बसून पॉलिश करत होती.

मला ते बघणं आवडलं नाही. शामभाऊंना माझं विचारणं आवडलं नाही. गाडी गेल्यावर ते भर गल्लीत म्हणाले, “वहिनी, तुमचं नाक तुमच्या चुलीपाशी ठेवा. माझ्या गिऱ्हाइकांत घालू नका.”

सगळ्यांनी ऐकलं. समोरच्या विठाबाई ओसरीवर तांदूळ निवडत होत्या, त्यांचा हातसुद्धा थांबला. घरी आले तर आमचे हे म्हणाले, “बरं झालं. कधीतरी कुणीतरी बोलायलाच हवं होतं.” मी रडले नाही. मनाशी ठरवलं, आता शेजारी घर पेटलं तरी मी खिडकी उघडणार नाही.

मग सर्वपित्री अमावस्या आली. गोदावरी पित्रं जेवायला आडगावला भावाकडे गेली होती. मी वडे तळत होते, टीव्हीवर मालिका चालू होती. पलीकडे टेम्पो लागल्याचा आवाज आला, माणसांचा, दोरखंडांचा. आणि जाळीतून हाक आली.

“आई.”

एकदाच. पण लांब. विहिरीत पडणाऱ्या माणसाची हाक जशी खाली खाली जाते तशी. मुलीचीच होती. तेलात वडा होता आणि माझा झारा हवेत थांबला. पाटावर चढायला मला किती वेळ लागतो? दोन पावलं टाकली की दार. एरवी पलीकडे चमचा पडला तरी विचारणारी मी.

मी रिमोट घेतला आणि टीव्हीचा आवाज वाढवला.

खरं सांगायचं तर तेव्हा मला बरं वाटलं. बघा म्हटलं, मी नाही घालत नाक. वडे मोजून ताटात वाढले. टेम्पो गेला.

४

दुसऱ्या दिवशी घट बसले. परडीत काळी माती, तिच्यात सात धान्यं, वर पाण्याचा घट आणि नारळ, बाजूला अखंड दिवा. माझा देव्हारा स्वयंपाकघरातच, जाळीच्या भिंतीला. पहिली माळ चढवून मी भगर शिजत लावली आणि पलीकडे खोकला ऐकू आला.

“लंके.”

“बोल गं.”

“काल आभा गेली तेव्हा तू बघितलीस का?”

“कुठं गेली?”

“येवल्याला, म्हणतात हे फोनवर. माझ्या बहिणीकडे, पैठणी शिकायला. मला न सांगता जाईल का गं ती? अमावस्येला कुणी घर सोडतं का? फोन लागत नाही तिचा.” ती पुन्हा खोकली. “तू घरातच होतीस ना? काही बोलणं, काही आवाज?”

आता सांगायला हवं होतं. पण सांगायचं म्हणजे हेही सांगावं लागलं असतं की ऐकून मी काय केलं. मी भगर ढवळत राहिले. जाळीकडे पाठ होती, म्हणून सोपं गेलं.

“नाही बाई. टीव्ही चालू होता माझा.”

“बरं,” ती म्हणाली. बराच वेळ ती पिंपावरून उतरली नाही. तिचा श्वास ऐकू येत होता, छातीतल्या घरघरीसकट. मग ती गेली.

५

त्यानंतर दुपारी विचारणं सुरू झालं. गल्ली झोपते ती वेळ, नळ गेलेले असतात, फेरीवालेही नसतात. मी ओट्याशी भांडी विसळत असायची.

“माझी मुलगी ओरडली. ऐकलंस?”

पहिल्यांदा मी दचकले, कारण खोकला आला नव्हता. पण म्हटलं, बरी असेल आज छाती. “नाही गं गोदे,” मी म्हणाले. पलीकडे काही नाही. मग जड कोठी ओढतात तसं काहीतरी सरकलं.

दुसऱ्या दुपारी पुन्हा. तिसऱ्या दुपारी पुन्हा. तेच शब्द, त्याच चालीत, रागाचा लवलेश नाही. ‘लंके’ नाही. आभाचं नाव नाही. आवाज गोदावरीचाच असावा असं मी धरून चालले, कारण जाळीपलीकडे दुसरं कोण असणार? दुःखात माणसाचा आवाज बदलतो. माझ्या सासूबाई गेल्या तेव्हा आमच्या ह्यांचा बदलला होता. असा विचार करून मी रोज ‘नाही’ म्हणायची, आणि रोजचा ‘नाही’ आदल्या दिवशीपेक्षा हळू निघायचा. पुढं पुढं मी दुपारी स्वयंपाकघरात जायचंच टाळलं. बाहेरच्या खोलीत आडवी व्हायची. तरी विचारलेलं ऐकू यायचं, आणि उत्तर दिलं नाही की पुन्हा विचारलेलंही.

आणि माझा घट उगवत नव्हता.

तिसऱ्या माळेला मातीत पांढरे कोंब दिसायला हवेत. पाचव्याला बोट-बोट हिरवं. माझी माती जशी घातली तशी होती. पाणी जास्त झालं असेल म्हणून कमी केलं. मग कमी झालं असेल म्हणून जास्त घातलं. शेवटी बोटानं एक गहू उकरून बघितला. कुजला नव्हता, किडला नव्हता. दुकानातून आणला तसाच कडक होता. घरचा घट उगवला नाही म्हणजे घरात काहीतरी खोट आहे, हे मला आईनं सांगितलेलं. माझ्या घरातली खोट मला माहीत होती.

हळदीकुंकवाला बायका येणार म्हणून मी परडीवर खण पांघरला. “दृष्ट लागते,” असं सांगितलं. विठाबाईंनी खणाकडे बघितलं आणि पटकन मान वळवली. एरवी त्या खण उचलून बघणाऱ्यांतल्या. मला आश्चर्य वाटलं.

संध्याकाळी प्रसाद द्यायला मी त्यांच्याकडे गेले. त्या आत पाणी आणायला वळल्या तेवढ्यात माझी नजर सवयीनं देव्हाऱ्याकडे गेली. त्यांच्या परडीवर विड्याची पानं पसरलेली होती, दाटीनं, माती दिसू नये अशी. मी एक पान उचललं. खाली काळी माती, कोरी.

“छान आलंय ना यंदा?” विठाबाई पाण्याचा तांब्या घेऊन दारात उभ्या होत्या.

“छान आलंय,” मी म्हणाले.

“तुमचंही?”

“माझंही.”

आम्ही दोघी जमिनीकडे बघत होतो. नंतर मी सगळ्या गल्लीत प्रसाद वाटला. कुठं परडीवर रुमाल, कुठं फुलांचा ढीग, एका घरी तर देव्हाऱ्याला पडदाच. प्रत्येकीनं हसून सांगितलं, छान आलंय. प्रत्येकीला वाटत होतं आपल्याच घरात काहीतरी चुकलंय. मी ती गोष्ट कुणाला बोलले नाही. माझ्याकडून गल्लीत न गेलेली ती पहिलीच बातमी.

६

आमचे हे, मोतीराम, एसटीच्या स्टँडवर कंट्रोलर आहेत. आठव्या माळेला जेवताना मी म्हणाले, “गोदावरीनं अगदीच धसका घेतलाय. रोज तेच तेच विचारते.”

“फोनवर?”

“फोनवर कशाला? जाळीतून.”

त्यांनी घास खाली ठेवला. “अगं, ती इथं कुठाय? घट बसले त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मीच तिला येवल्याच्या गाडीत बसवून दिली. लेक तिथं नाहीच, म्हणून बहिणीकडेच राहिलीय. वेड्यासारखी सगळीकडे चौकशी करत फिरते.”

“मला का नाही सांगितलंत?”

“तुला सांगितलं की गल्लीभर होतं. तिनंच हात जोडले, लंकेला सांगू नका म्हणून.”

मी ताट बाजूला सारलं. “मग शेडमध्ये शामभाऊ असतील.”

“तो अमावस्येपासून दिंडोरीला आहे, पुतळे बसवतोय. घट बसले त्या संध्याकाळी माणूस पाठवून रंगाची पिंपंसुद्धा मागवून घेतली. कुलूप आहे शेडला.”

मी उठून तशीच बाहेर गेले. शेडच्या कुलपावर कोळ्यानं जाळं धरलं होतं. दाराखाली कुणीतरी वर्तमानपत्रं सरकवलेली, अर्धी आत, अर्धी बाहेर, एकही उचललेलं नाही. दाराच्या फटीला डोळा लावला तर आत अंधार आणि टोकाला पांढरं काहीतरी. ते टोक माझ्या स्वयंपाकघराच्या बाजूचं. ती ओंब्यांवाली मोठी आधी तिथंच उभी होती की दाराजवळ, ते मला आठवेना. मी स्वतःला सांगितलं, आठवत नाही म्हणजे तिथंच असेल.

विठाबाई त्यांच्या ओसरीवरून बघत होत्या. “काय शोधताय?”

“काही नाही. मांजर गेलं आत.”

हेही खोटं. दिवसाला किती झाली, माझं मलाच कळेना.

७

दुसऱ्या दिवशी दुपारी मी बाहेरच्या खोलीत गेले नाही. ओट्याशी पाट ओढला आणि त्यावर स्टूल ठेवलं. माझे गुडघे दुखरे आहेत, पण चढले. जाळी डोळ्यांसमोर येईना, एक वीत वरच राहिली. पिंपाशिवाय पलीकडून तिथपर्यंत कुठल्याच माणसाचं तोंड पोचणार नाही, हे मला तिथं उभी असताना कळलं.

वास बदललेला होता. रेझिनचा नव्हे. पहिल्या पाण्यानं भिजलेल्या शेताचा, गहू नुकताच कापल्यावर येतो तसला काहीतरी, आणि त्यात दुःखाच्या घरातला कोंदटपणा.

“माझी मुलगी ओरडली. ऐकलंस?”

आवाज अगदी जवळून आला. मी टाचा उंचावल्या आणि जाळीच्या कडेला बोटं रोवून स्वतःला वर ओढलं.

जाळीपलीकडे अंधार असायला हवा होता. तिथं पांढरं होतं. सगळी भोकं पांढऱ्यानं भरलेली. आधी मला वाटलं कुणी पुठ्ठा लावलाय. मग एका भोकातून वेणीचा पेड दिसला, त्यात खोचलेली ओंबी, प्रत्येक दाणा वेगळा कोरलेला. आणि मधल्या भोकांना चिकटून, दाबून धरलेला, कान.

तिनं मला बघितलं नाही. बघायचा प्रयत्नच केला नव्हता. ती ऐकत होती.

मला पळता आलं असतं. खरं म्हणजे पडले असते. पण माझ्या डोक्यात एवढंच आलं की ही इतके दिवस अशी उभी आहे, कान लावून, आणि रोज माझ्या तोंडून ‘नाही’ ऐकतेय. जन्मात मला कधी इतकी लाज वाटली नव्हती. गल्लीत शामभाऊ बोलले तेव्हाही नाही.

“हो,” मी म्हणाले. माझा आवाज मलाच ऐकू येईना. “ऐकलं मी. आई म्हणून हाक मारली तिनं. मी इथंच होते. मी उठले नाही. टीव्हीचा आवाज मोठा केला.”

पलीकडे काही हललं नाही. मग पांढरं भोकाभोकातून हळूहळू मागे सरकलं, आधी कान, मग वेणी. जाळीत अंधार परत आला. जड काहीतरी फरशीवरून ओढत गेलं आणि थांबलं.

मी कशी उतरले आठवत नाही. ओट्याला टेकून जमिनीवरच बसले आणि गोदावरीला फोन लावला.

“गोदे, आभाला दिंडोरीला नेलंय, गिरणीत बायका बोलत होत्या. त्या रिसॉर्टवाल्याकडे असेल. मला हाक ऐकू आली होती तिची.”

तिकडे हातमागाची खटखट ऐकू येत होती, बहिणीच्या घरातली.

“कधी ऐकलीस?”

“त्याच दिवशी.”

“मी विचारलं होतं तुला, लंके.”

“हो.”

“आता सांगतेस,” ती म्हणाली. खोकून तिनं फोन ठेवला.

८

दसऱ्याला संध्याकाळी गोदावरी आभाला दिंडोरीहून घेऊन आली. माझ्याकडे येतील असं वाटलं नव्हतं. पण आभा आपट्याची पानं घेऊन सरळ स्वयंपाकघरात आली, माझ्या हातात सोनं ठेवलं आणि पाया पडली. गोदावरी दारातच उभी राहिली. आत ये म्हणायची माझी हिंमत झाली नाही. मीच पुढं होऊन तिच्या पायांवर हात ठेवले. “चुकलं माझं,” म्हटलं, आणि जाळीला कान लावून रोज कोण विचारायचं, तिला शेवटी मी काय सांगितलं, तेही हळूच सांगून टाकलं. तिनं मला उठवलंही नाही आणि पाय मागेही घेतले नाहीत.

शामभाऊ बाहेर गल्लीत सगळ्यांना सोनं देत होते, कुणाच्या डोळ्याला डोळा न देता.

मी आभाला जवळ बसवलं. ती बारीक झाली होती, पण ठीक होती. गिरणीतली कुजबूज अर्धी खरी निघाली. दिंडोरीला नेलं होतं, ते खरं. त्या भागीदारांशी लग्न जमवायचं घाटत होतं आणि आईला कळू दिलं नव्हतं, तेही खरं. त्यापुढचं लोकांनी जे जोडलं होतं, विकली म्हणून, कोंडली म्हणून, त्यातलं काही नव्हतं. त्या भागीदारांच्या आईजवळ तिला ठेवली होती. घर बघ, बाग बघ, मग सांग, असं बाप म्हणाला होता.

“वाईट माणसं नाहीत काकू,” ती म्हणाली. “पण आईला विचारलं असतं तर बरं झालं असतं. तिथं कुणाला धड बोलायलाही वेळ नाही. छाटणी होऊन इतके दिवस झाले आणि काडीला फूटच नाही. रोज सगळे बागेत जाऊन बघतात आणि खाली मान घालून परत येतात.”

“बाई गं, माफ कर मला,” मी म्हणाले. “तू ओरडलीस तेव्हा मी यायला हवं होतं.”

आभानं माझ्याकडे बघितलं. “मी कुठं ओरडले?”

“अमावस्येला. टेम्पो आला तेव्हा. आई म्हणून.”

“नाही काकू. बाबा म्हणाले आवाज करू नकोस, गल्ली गोळा होईल. मी तोंडातून ब्र काढला नाही. गुपचूप पुढं ड्रायव्हरशेजारी जाऊन बसले.”

“मग मागं कोण होतं?”

“मागं कोण असणार? सामान होतं. पोसायडन, डायोनिसस. आणि धाकटी. ती उभी मावेना म्हणून तिला आडवी करून दोरानं करकचून बांधली होती.” मग तिला काहीतरी आठवलं. “त्यांना दोघींतली एकच हवी होती. मोठीला बाबांनी सिन्नरच्या कुठल्याशा लग्नाच्या लॉनला दिलीय. उद्या नेणार आहेत.”

 माझी नजर जाळीकडे गेली. दोन आया माझ्या शेजारी होत्या आणि माफी मी एकीचीच मागितली होती.

तेवढ्यात पलीकडे, कुलूपबंद शेडमध्ये, फरशीवरून जड काहीतरी सरकलं. सावकाश, आमच्या भिंतीच्या दिशेनं. सरकून जाळीखाली थांबलं. आभानं दचकून दाराबाहेर बापाकडे बघितलं. ते गल्लीच्या दुसऱ्या टोकाला होते.

गोदावरीनं त्यांच्याकडे बघितलं नाही. ती जाळीकडे बघत होती. गेले कित्येक दिवस दारोदार विचारत फिरलेल्या बाईचा चेहरा होता तो, आणि त्यावर भीती नव्हती. ती आत आली, माझ्यासमोर उभी राहिली आणि हळू आवाजात म्हणाली,

“लंके, तू ऐकलंस एवढं सांगितलंस तिला. कुठं नेली, ते सांगितलंस का?”

“नाही,” मी म्हणाले आणि ओट्याशी पाट ओढला.